सासूबाईंची मालिका संपते, आपलं रील संपत नाही

नमस्कार ताई,

मी सोलापुरात अशोक चौकाच्या पुढे राहते. वय ४१. मिस्टर अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात मागावर आहेत. मी घरी ब्लाऊज शिवते, फॉल-पिको करते. मुलगा नववीत, मुलगी सहावीत, शिवाय सासूबाई. माझी तक्रार एवढीच की घरात कुणाचं कुणाकडे लक्ष नाही. सासूबाई सातला टीव्हीपुढे बसतात त्या साडेनऊला टीव्ही बंद करून झोपायलाच उठतात. मिस्टर घरी आले की मोबाईल. मुलाचं तर विचारूच नका. भाकरीचा तुकडा हातात तसाच राहतो आणि दुसऱ्या हाताचा अंगठा वर सरकत असतो. धड्याचं एक पान वाचायचं तर चार वेळा उठतो. मुलगी आरशापुढे उभी राहून रीलमधल्या बायकांसारखी तोंडं करते. नणंदेच्या मुलीचं लग्न ठरलंय, तिथे प्री-वेडिंगला कोकणात जायचं चाललंय, पैसे कुठून आणायचे ते कुणी बोलत नाही. आमच्या ग्रुपवर मेसेज आला होता की माणसाचं लक्ष आता आठ सेकंदच टिकतं, माशापेक्षाही कमी. ते वाचून घाबरले. तशी मीही रात्री साडेबारा-एकपर्यंत थोडं मोबाईल बघत पडते, दिवसभरात तेवढाच वेळ माझा असतो. नळाला पाणी यायच्या दिवशी पहाटे उठावं लागतं, मग दिवसभर डोकं जड. केबल आणि वायफाय दोन्ही बंद करून टाकू का? मिस्टर म्हणतात, कर. सासूबाई बोलणं सोडतील. आणि हो, मुलाला स्वतःचं चॅनेल काढायचंय. त्याला काय सांगू?

— सुवर्णा (नाव बदललं आहे), सोलापूर

सुवर्णाताई,

केबल बंद करू नका, वायफायही राहू द्या. बंद केलंत तर मुलगा शेजारच्या पोराच्या हॉटस्पॉटवर जाऊन बसेल, मिस्टरांचा डेटा पॅक आहेच, आणि सगळा मार बसेल सासूबाईंना. म्हणजे घरात ज्यांचा दोष सगळ्यात कमी, शिक्षा त्यांनाच.

हो, त्यांचाच दोष सगळ्यात कमी. सुनेच्या तक्रारीवर मी सासूची बाजू घेते म्हणून रागावू नका, पुढचं ऐका. मालिका अर्ध्या तासाची असते. मध्ये जाहिराती लागतात, तेवढ्यात म्हातारं माणूस पाणी पिऊन येतं, रात्रीची गोळी घेतं. मग उद्याच्या भागाची झलक, आणि संपलं. ती मालिका चार वर्षं रेंगाळेल, मेलेली माणसं परत येतील, एक थोबाडीत बसली तर ती तीन बाजूंनी तीनदा ढोल वाजवून दाखवतील, हे सगळं मान्य. पण रोज रात्री ती संपते. ते संपणं वाहिनीनं ठरवलेलं असतं, सासूबाईंना त्यासाठी मनाशी झगडावं लागत नाही. शिवाय त्या एकट्या बघत नाहीत. तुम्हाला भांडी घासताना ऐकू येतं, मुलगी येता-जाता थांबते, आणि सकाळी समोरच्या काकूंशी "किती सोसते बघा ती बाई" यावर पाऊण तास सहज जातो. तुम्ही त्याला रिकामटेकडेपणा म्हणाल. मी त्याला गप्पा म्हणते.

मालिकांना सरसकट नावं ठेवायची आपल्याकडे पद्धत आहे, म्हणून एक सांगते. रॉबर्ट जेन्सन आणि एमिली ऑस्टर या अर्थशास्त्रज्ञांनी बिहार, हरियाणा, तमिळनाडू, गोवा इथल्या खेड्यांत केबल टीव्ही आल्यावर काय बदललं ते पाहिलं होतं. अभ्यास २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. केबल आली तिथे नवऱ्यानं बायकोला मारणं योग्य मानणाऱ्या बायकांचं प्रमाण घटलं, मुलगाच हवा हा हट्ट कमी झाला, घरातल्या निर्णयांत बायकांचा शब्द थोडा वाढला. आणि त्या काळातला टीव्ही म्हणजे बराचसा भरजरी साड्या नेसून स्वयंपाकघरात कटकारस्थानं करणाऱ्या बायकांचाच होता! पडद्यावरून माणसाच्या मनात काय उतरेल, हे कथानक बघून सांगता येत नाही.

आता रील. त्याला शेवट नाही आणि सोबत नाही. तुमच्या घरातल्या सगळ्या तक्रारींचं मूळ मला इथे दिसतं. त्यात फालतू काय, वाईट काय, हा प्रश्न नंतरचा. आधी इंटरनेटवर पानाच्या तळाशी गेलं की पुढच्या पानासाठी बटण दाबावं लागायचं. दाबू की नको, असा एक क्षण तरी हाती यायचा. २००६ मध्ये अझा रास्किन नावाच्या अमेरिकी डिझायनरनं अशी रचना केली की खाली सरकाल तसं पुढचं आपोआप येत राहतं. पुढे त्यालाच त्याचा पस्तावा झाला आणि त्यानं तो जाहीरपणे बोलूनही दाखवला. पण बटण काही परत आलं नाही. त्यात भर म्हणजे पुढचं रील चांगलं निघेल की रटाळ, याचा नेम नसतो. मानसशास्त्रज्ञ स्किनर यांनी गेल्या शतकात कबुतरांवर प्रयोग केले तेव्हा हेच दिसलं होतं. दाणा केव्हा मिळेल याचा भरवसा नसला की कबुतर चोच मारायचं थांबवत नाही. तुमच्या मुलाचा अंगठा भाकरी विसरून वर का सरकतो, त्याचं उत्तर यात आलं. तो वाया गेलेला नाही आणि आळशीही नाही.

आणि थोडा हिशेब आपल्याकडेही येतो. २०१६ च्या सप्टेंबरात जिओ आलं आणि इंटरनेट पाण्यासारखं स्वस्त झालं. २९ जून २०२० ला सरकारनं टिकटॉकवर बंदी घातली. जुलैत इन्स्टाग्रामनं रील्स आणलं, सप्टेंबरात यूट्यूबनं शॉर्ट्सची चाचणी सुरू केली ती भारतातच. तेव्हा तुमचा मुलगा तिसरी-चौथीत असेल. शाळा बंद होती, आणि ऑनलाइन तासासाठी मोबाईल त्याच्या हातात मोठ्यांनीच दिला होता. दुसरा इलाजही नव्हता. पण "आजकालची पोरं" असं म्हणताना हे लक्षात असू द्या.

ग्रुपवरचा तो माशाचा मेसेज खोडून टाका. तो आकडा २०१५ मध्ये मायक्रोसॉफ्टच्या कॅनडातल्या एका अहवालातून जगभर फिरला. नंतर पत्रकार त्याचं मूळ शोधायला गेले, तेव्हा मागे धड अभ्यासच सापडला नाही. माशाची उगीच बदनामी झाली, ती वेगळीच. खरी मोजणी हवी असेल तर ती आहे. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या ग्लोरिया मार्क यांनी माणसं कामाच्या वेळी एका स्क्रीनवर किती वेळ टिकतात ते मोजलं. २००४ मध्ये सरासरी अडीच मिनिटं होती, अलीकडच्या वर्षांत ती सुमारे ४७ सेकंदांवर आली. आकडा काळजीचाच आहे, पण त्यांनी माणूस किती वेळ टिकतो ते मोजलंय, किती वेळ टिकू शकतो ते नाही. तुमचा मुलगा गणपतीच्या आधी मंडळाच्या लेझीमच्या सरावाला जातो का? सोलापूरचं पोरगं आहे, जातच असेल. तिथे दोन-दोन तास पाय चुकू न देता नाचतो ना? मग लक्ष शाबूत आहे. फक्त ते कुठे लावायचं, हे सध्या त्याच्याऐवजी दुसरंच कुणी ठरवतं.

तुमच्या भागातल्या विड्या वळणाऱ्या बायका एकदा नीट बघा. मांडीवर सूप, सुपात तेंदूची भिजवलेली पानं, तंबाखू, दोरा, कात्री. मोबाईल भिंतीला टेकवलेला आणि त्यात तेलुगू मालिका चाललेली. पान मापावर ठेवून कापायचं, चिमूटभर तंबाखू पसरायचा, वळायचं, तोंड दुमडायचं, दोरा गुंडाळायचा. नजर बोटांवर, कान मालिकेवर. एखादा मोठा प्रसंग आला तर मान वर होते, पण हात थांबत नाहीत, कारण मजुरी हजार विड्यांमागे मिळते. त्यांना रील बघता येत नाही. रीलला अंगठा लागतो आणि अंगठा विडीत गुंतलेला असतो. मला यात तुमच्यासाठी एक युक्ती दिसते. हूक लावताना, काजं करताना, हातशिलाईच्या वेळी ऐका. आकाशवाणी सोलापूर लावा, यूट्यूबवर जुन्या नाटकांची, कथाकथनाची रेकॉर्डिंग आहेत, ती लावून मोबाईल पालथा ठेवा. काम होईल आणि गोष्ट संपली की ती संपल्याचं कळेलही.

आता तुमचं स्वतःचं बोलू. सगळ्या घराबद्दल सविस्तर लिहिलंत आणि स्वतःबद्दल एकच वाक्य, तेही जाता जाता. रात्री एकपर्यंत जागून पहाटे पाण्याला उठणाऱ्या बाईचं डोकं जड होणारच. नेटफ्लिक्सच्या प्रमुखांनी २०१७ मध्ये उघडपणे सांगितलं होतं की त्यांची स्पर्धा झोपेशी आहे. तुमच्या घरी ती स्पर्धा कोण जिंकतंय ते तुम्हीच बघा. पण "तेवढाच वेळ माझा असतो" हे तुमचं म्हणणं मला पटतं, म्हणून तो वेळ सोडा असं मी सांगणार नाही. तो दुपारी घ्या. मुलं शाळेत, मिस्टर कारखान्यात, सासूबाई आडव्या झालेल्या. अर्धा तास मशीन बंद. गिऱ्हाईक आलं तर "चारला या" म्हणायचं. त्या वेळात हवं ते बघा, रीलसुद्धा बघा, कुणाला हिशेब देऊ नका.

रात्रीसाठी नियम एकच ठेवा आणि तो सासूबाईंवर सोपवा. साडेनऊला त्यांनी टीव्ही बंद केला की घरातले सगळे मोबाईल स्वयंपाकघरात चार्जिंगला. मिस्टरांचाही. बाप गादीवर पडून मोबाईल बघणार आणि मुलाला "ठेव तो" म्हणणार, हे कुठल्याच घरात चालत नाही. त्यांना हे तुम्ही एकांतात सांगा, मुलांदेखत नको. "पाण्याच्या दिवशी गजराला मोबाईल उशाशी लागतो" ही सबब तुमच्याकडून येणार हे मला आत्ताच दिसतंय. नवी पेठेतून एक गजराचं घड्याळ आणा. आणि सासूबाई बोलणं सोडतील ही भीती काढून टाका. त्यांच्या मालिकेला हात न लावता उलट घरचं टाइमटेबलच त्यांच्या हाती दिलंत, तर चार बायकांत तुमचं कौतुक होईल.

मुलाच्या अभ्यासाचं. अभ्यासाला बसताना मोबाईल पालथा ठेवून भागत नाही, तो दुसऱ्या खोलीत हवा. टेक्सास विद्यापीठातल्या एड्रियन वॉर्ड आणि सहकाऱ्यांनी २०१७ मध्ये सुमारे ८०० जणांवर हे तपासलं. मोबाईल नुसता टेबलावर असला, वाजला नाही तरी, डोक्याची कामं थोडी ढिली पडली. दुसऱ्या खोलीत मोबाईल ठेवणारे सरस ठरले. पुढच्या काही प्रयोगांत फरक इतका ठळक दिसला नाही हे खरं, पण मोबाईल दुसऱ्या खोलीत ठेवायला पैसे पडत नाहीत. यूट्यूबवर आणखी एक करा. सेटिंगमध्ये जाऊन आधीची वॉच हिस्टरी पुसा आणि ती बंद करा. मग उघडल्यावर समोर ओळीनं व्हिडिओ येत नाहीत, पान जवळजवळ रिकामं असतं. विज्ञानाचा धडा शोधला तर तो सापडतो, न शोधलेलं गळ्यात पडत नाही. ऑटोप्लेही बंद करा. हे त्याच्या पाठीमागे करू नका. नववीतल्या मुलाला ते दहा मिनिटांत परत चालू करता येतं. त्याच्याकडूनच करून घ्या.

एक पान सलग वाचायची सवय मात्र पाठ्यपुस्तकापासून लावू नका. संध्याकाळी सातच्या आधी आजीला पेपर मोठ्यानं वाचून दाखवायला सांगा. सोलापूरचं पान, पाण्याच्या बातम्या, कुणाचं निधन, उजनी किती टक्के भरलं. दहा-पंधरा मिनिटं पुरेत. समोर ऐकणारं माणूस असलं की मध्येच उठता येत नाही, आणि आजी "परत वाच, कळलं नाही" म्हणाली की डोळ्यांना मागे जावंच लागतं. केरळात कण्णूरच्या विडी कामगारांत एकानं पेपर वाचायचा आणि बाकीच्यांनी विड्या वळत ऐकायचा, अशी चाल होती. क्यूबात सिगार वळणारे कामगार १८६५ पासून आपल्या मजुरीतून पैसे काढून वाचणारा ठेवत. तुमच्याकडे वाचणारा घरातलाच आहे, फुकट. फार तर शेंगाचटणी आणि कडक भाकरी जास्तीची द्यावी लागेल.

पहिले आठ-दहा दिवस तो चिडेल. त्याला खरी भीती मित्रांमध्ये मागे पडायची असते. वर्गात सगळे ज्या रीलवर हसतात ते आपण पाहिलेलं नाही, ही त्या वयात लहान गोष्ट नाही. म्हणून त्याच्या दोन-तीन जवळच्या मित्रांच्या आयांशी बोला आणि तीच वेळ त्यांच्याही घरी ठरवा. सांगली जिल्ह्यात मोहित्यांचे वडगाव इथे २०२२ मध्ये गावानं ठरवलं की संध्याकाळी सातला भोंगा वाजला की दीड तास टीव्ही-मोबाईल बंद. ते जमलं ते एकाच वेळी सगळ्यांनी बंद केल्यामुळे. आपल्या शहराला भोंग्याचं काय सांगायचं? गिरण्यांच्या भोंग्यावर सोलापूरनं वर्षानुवर्षं चुली पेटवल्या. अख्खी गल्ली नाही जमणार, तीन घरं जमतील.

मुलीची मला फारशी काळजी वाटत नाही. आरशापुढे तोंडं करणं प्रत्येक पिढीत झालंय. साधना कट करून घेणाऱ्या मुलींना घरी काय काय ऐकावं लागायचं, ते सासूबाईंना विचारा. फक्त तेव्हा पडद्यावरची नटी सगळ्यांना सारखीच दिसायची. आता मुलगी ज्यावर दोन सेकंद जास्त रेंगाळते, तेच तिला पुन्हा पुन्हा दाखवलं जातं, आणि त्या बायकांच्या कातडीवर फिल्टर असतो हे तिला कुणी सांगत नाही. तुम्ही सांगा. शेजारी बसून तोच फिल्टर तुमच्या चेहऱ्यावर लावून दाखवा, हसून पोट दुखेल. तिच्या नावानं खातं असेल तर ते बंद करा. इन्स्टाग्रामच्या नियमातच १३ वर्षांखाली खातं बसत नाही.

नणंदेच्या मुलीच्या प्री-वेडिंगमध्ये तुम्ही पडू नका. कर्ज काढून नको, एवढं मिस्टरांनी बहिणीला एकदा सांगावं. मामीनं सांगितलं तर वाकडं दिसेल. संगीत, मेहंदी, हळदीला डीजे हे सगळं पडद्यावरून आपल्याकडे आलंय आणि ते आता परत जात नाही. फोटो भुईकोट किल्ल्यात आणि कंबर तलावावरही चांगले येतात, असं मुलीच्या कानावर घालून बघा.

राहिलं मुलाचं चॅनेल. काढू द्या. बघणारा जेव्हा बनवायला बसतो तेव्हा त्याला शेवट काय असतो ते कळतं. अर्ध्या मिनिटाच्या व्हिडिओला चार तास जातात, काय ठेवायचं आणि काय कापायचं यावर डोकं शिणतं. खातं तुमच्या मोबाईलवर, पासवर्ड तुमच्याकडे, घराचा पत्ता आणि शाळेचा गणवेश दिसता कामा नये, आणि बहिणीचे व्हिडिओ टाकायचे नाहीत. किती जणांनी पाहिलं तो आकडा आठवड्यातून एकदाच बघायचा, रविवारी. विषय काय, असं तो विचारेल. वडिलांचा माग. सुताच्या कोनापासून घडी घातलेल्या टॉवेलपर्यंत काय काय होतं, हे त्याच्या वर्गातल्या निम्म्या पोरांनी सोलापुरात राहूनही पाहिलेलं नसेल. मिस्टरांना सांगून मालकांची परवानगी आधी काढा. आवाज वेगळा रेकॉर्ड करायला लावा, मागाच्या खटखटीत कुणाचं बोलणं ऐकू येणार नाही. आणि माग चालू असताना त्याला बाजूला उभं राहून शूटिंग करू देऊ नका. धोटा, म्हणजे आडवा धागा नेणारा मागाचा तुकडा, उडाला तर तो समोर कोण आहे बघत नाही, हे मिस्टर तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं सांगतील.